ड्रॅगनबाईला डिंकाचे लाडू

मला बघायला आले त्या दिवशी कांदेपोहे रीतसर झाले होते. फक्त बघणारे पुण्यात होते आणि मी बंगळुरात, त्यामुळे त्यांच्या वाटणीचे पोहेसुद्धा अण्णांनीच संपवले. मध्ये होता तो माझा कॉम्प्युटर, एक टेलिफोनची तार आणि एक ड्रॅगन.

मी नागपूरची. नव्वदच्या दशकाच्या शेवटी शेवटी सॉफ्टवेअरच्या नोकरीसाठी बंगळुरात आले आणि बसवनगुडीत आईच्या मावसबहिणीकडे राहिले. मावशीच्या यजमानांना सगळे अण्णाच म्हणायचे. चिकपेटेच्या बाजारात त्यांचं साड्यांचं दुकान. घराणं तीन पिढ्या तिथंच, त्यामुळे त्यांच्या मराठीत कन्नड असं मिसळलेलं की 'स्वल्प थांब' आणि होकाराचं 'सरी, सरी' हे मराठीच आहे असं ते शपथेवर सांगत. इंटरनेट तेव्हा टेलिफोनवरून यायचं आणि टेलिफोन दिवाणखान्यात होता, म्हणून माझा कॉम्प्युटरही दिवाणखान्यात, देव्हाऱ्याच्या शेजारी. मावशी देवांबरोबर त्यालाही फूल वाहायची.

आणि तो. पुण्याचा. ट्रेनिंगसाठी आमच्या ऑफिसात आला होता, सहा महिने राहून परत गेला. कॅन्टीनमध्ये चहा घेणार की कॉफी विचारलं तर आधी शेजारच्याकडे बघायचा. पण दर रविवारी सकाळी आम्ही काही जण इंटरनेटवर एक खेळ खेळायचो, आणि त्या खेळात हा माणूस म्हणजे नुसता वाघ.

खेळ असा. साहसाची गोष्ट आयती पुस्तिकेत मिळते: गाव, खाणावळ, गुहा, गुहेत कोण बसलंय, सगळं ठरलेलं. एकानं ती गोष्ट मांडायची, बाकीच्यांनी आपापलं पात्र घेऊन तिच्यात शिरायचं. मांडणारी मी. फुकट मिळालेला एक प्रोग्राम होता. वर चौकोनांचा नकाशा, त्यावर सोंगट्या, खाली गप्पा लिहायची जागा. भिंती, दारं, कुठल्या चौकोनात पाय पडला की काय होणार, हे सगळं आधी भरून ठेवायचं. मग समोर काय दिसतंय ते मी लिहायची आणि विचारायची, "तू काय करतोस?" खेळ या एका प्रश्नावर चालतो. त्याचा तलवारवाला वीर कधी थांबायचा नाही. मोडका पूल दिसला की उडी, दार दिसलं की लाथ. मला वाटायचं, खरा तो हा. बाकीचा नुसता लाजरेपणा. जीव जडला होता माझा, खोटं कशाला बोलू?

पत्रिका जुळल्या. माझे आईबाबा म्हणाले, आधी अण्णांनी आणि मावशीनं पाहून घ्यावं, मग आम्ही येतो. पुण्याहून त्याच्या आईनं भलतीच गोष्ट काढली. म्हणे, मुलगी फोटोत बघितली, ते ठीक आहे. आम्हाला तो खेळ बघायचाय. दोन्ही घरांनी बसून खेळायचा. मी म्हटलं, अरे बापा, हे काय नवीन? पण अण्णांना कल्पना फार आवडली. दोन दिवसांचा प्रवास वाचतो आणि दुकान बंद ठेवावं लागत नाही.

आठवडाभर मी मांडणी करत बसले. पुस्तिकेतली सगळ्यात साधी गोष्ट निवडली आणि तिला शुभकार्याजोगं केलं. सांगाडे काढले. खाणावळीतली दारू काढून पन्हं ठेवलं. विहिरीत जीव दिलेल्या नवरीचं भूत होतं, त्याला तर पहिल्यांदा हाकललं. ड्रॅगन मात्र ठेवावाच लागला, नाहीतर गोष्टच उरत नव्हती. पुस्तिकेत ती मादी होती, नुकतंच अंडं घातलेली. मी नियम भरून टाकला: तिच्यासमोरच्या चौकोनात कुणी शस्त्र घेऊन आलं की आग, शस्त्र नसेल तर ती झोपलेलीच राहील. त्याच्या वीराची सोंगटी मी स्वतः खाणावळीत ठेवली, चुलीजवळ, सगळ्यांच्या पुढे. म्हटलं, आज सगळ्यांना दिसू दे तो कसा आहे.

रविवारी मंडळी जमली. इकडे मावशी, अण्णा आणि टंकायला मी. तिकडे त्याचे आईबाबा आणि टंकायला तो. प्रत्येकाला एकेक सोंगटी दिली. गोष्टीची सुरुवात खाणावळीत बसून होते, पण सुरुवातच होईना. खाणावळीचं दार एका चौकोनाचं. मावशी म्हणाली, मुलाकडची मंडळी आधी आत जातील. पुण्याहून उत्तर आलं, छे छे, आधी तुम्ही. अण्णा म्हणाले, पाहुणा दारात उभा असताना आपण आत कसं बसायचं? पोह्यांची दुसरी बशी संपली तरी चारही सोंगट्या दारात उभ्या. शेवटी मी ती भिंतच काढून टाकली.

आत गेल्यावर पुस्तिकेप्रमाणे म्हातारा खाणावळवाला गुहेचा नकाशा देतो. मावशीनं त्याचं गोत्र विचारलं. ते पुस्तिकेत नव्हतं, मी आपलं ठोकून दिलं. अण्णांनी खिडकीच्या पडद्याचं कापड सुती की रेशमी ते विचारलं, काठ विचारले, आणि असा माल आपल्याकडे खपणार नाही असं सांगून टाकलं. पुण्याहून मी ज्याची वाट बघत होते ते काही येत नव्हतं. येत होतं ते 'आई म्हणते', 'आई विचारते', 'बाबांचं म्हणणं असं'. मी दोनदा मुद्दाम त्याचं नाव घालून विचारलं, तू काय करतोस? दोन्हीदा उत्तर आलं, आधी मोठ्यांचं होऊ दे.

कसेबसे चौघं गुहेपाशी पोचले. मी लिहिलं, आत ड्रॅगन आहे, मादी आहे, अंड्याला वेटोळं घालून निजली आहे. मावशीनं पदर सावरला.

"म्हणजे बाळंतीण म्हण की! बाळंतिणीच्या दारात तलवारी घेऊन कोण जातं?"

पुण्याहून लगेच आलं: आई म्हणते, अगदी बरोबर. दोन्ही घरांचं पहिल्यांदा एकमत झालं, आणि मावशीनं तिथल्या तिथं 'विहीणबाई' सुरू केलं. हत्यारं बाहेर ठेवायचं ठरलं. रिकाम्या हातानं जायचं नाही, हेही ठरलं. मावशी म्हणाली डिंकाचे लाडू, पुणं म्हणालं अळिवाचे. त्यावर बराच वेळ गेला, शेवटी दोन्ही न्यायचं ठरलं. आता लाडू आणू कुठून? प्रोग्राममध्ये भाकरी होती, नाणी होती, लाडू नव्हते. गोल वस्तूचं एकच चित्र सापडलं, तोफेच्या गोळ्याचं. काय करणार? तेच उचललं, खाली 'लाडू' लिहिलं आणि त्याच्या आईच्या सोंगटीच्या हातात दिलं. ओटी भरायचा मान त्यांचा, असं मावशीच म्हणाली होती.

काकूंची, म्हणजे त्याच्या आईची, सोंगटी गोळे घेऊन पुढच्या चौकोनात गेली. मी लिहिलं ते लाडू, पण प्रोग्रामच्या हिशेबी ते शस्त्रच होतं. ड्रॅगननं डोळे उघडले, पडदा लाल झाला, आणि काकूंच्या सोंगटीच्या जागी एक कवटी उरली. बघण्याच्या कार्यक्रमात होणाऱ्या सासूला जाळणारी मुलगी आमच्या घराण्यात मीच पहिली. अण्णा 'अय्यो' म्हणाले आणि बशी खाली ठेवली. मावशीनं उठून देवापुढे उदबत्ती लावली.

मी टंकलं: गुहेतून आग येते आहे, आई पडली आहे, तू काय करतोस? या खेळात मेलेल्या माणसाला बोलता येत नाही, त्यामुळे आता 'आई म्हणते' असं त्याला लिहिता येणार नव्हतं. मी पडद्याकडे डोळे लावून बसले. उडी मार, ओरड, पळून जा, काहीही कर, पण तू कर. बऱ्याच वेळानं एक ओळ आली: बाबा स्वयंपाकघरात आहेत, विचारून सांगतो.

आणि लाइन तुटली.

लाइन तुटली तरी नकाशा पडद्यावर तसाच राहतो. गुहेपाशी बाकी सगळे होते. बाबांची सोंगटी, अण्णांची, मावशीची, काकूंची कवटी. त्याचा वीर तेवढा दिसेना. नकाशा वर सरकवून पाहिलं तर तो खाणावळीत होता, चुलीजवळ, मी ठेवला होता त्याच चौकोनात. एवढ्या सगळ्या गडबडीत तो एक घरही पुढे सरकला नव्हता आणि माझ्याही लक्षात आलं नव्हतं. मला इतकं वाईट वाटलं की रडूही येईना.

तेवढ्यात फोन वाजला. काकूच होत्या. मावशीनं रिसीव्हरला माझ्या बाजूनं कान लावला.

"मला तू जाळलंस, की पुस्तकात तसं होतं?"

मी सांगितलं, पुस्तकातच होतं काकू, मी नुसतं मांडलं. लाडवांचं चित्र तेवढं चुकलं.

"मग काही नाही. पुस्तकातलं बदलता येतं. मनातलं असतं तर पंचाईत होती."

मला ती बाई एवढी आवडली म्हणून सांगू. मग त्यांनी सरळच विचारलं, मुलगा पसंत आहे का. मावशी मान हलवून हो म्हण, हो म्हण करत होती. मी पडद्याकडे बघितलं.

"काकू, तुम्ही मला फार पसंत आहात," मी म्हटलं. "पण तो अजून खाणावळीतच उभा आहे."

मावशीनं कपाळावर हात मारला.

"ठाऊक आहे गं मला," त्या म्हणाल्या. "मला सांगायचा, त्या खेळात मी सगळ्यांच्या पुढे असतो. म्हणून तर बघायचा हट्ट धरला मी. म्हटलं, निदान तिथं तरी हलतो का बघू."

मग त्यांनी विचारलं, तुमच्या चिकपेटेत डिंक चांगला मिळतो का. मी फोन मावशीकडे दिला.