अननसाचा राजमा

पोस्टिंगचा हुकूम आला तेव्हा मी लंगरमध्ये कांदा चिरत होतो. रनरनं कागद दिला, मी एप्रनला हात पुसून वाचला. आमच्या कंपनीचे बारा जण चार महिन्यांसाठी एका उंच पोस्टवर जाणार होते आणि त्या बारांत कुक म्हणून माझं नाव होतं: हवालदार बाळासाहेब थोरात, राहणार राहू, तालुका दौंड. शेजारी कणीक मळणाऱ्यानं विचारलं, "रो रहे हो क्या, उस्ताद?" मी म्हटलं, कांदा आहे. खरं सांगायचं तर थोडं थोडं दोन्ही होतं.

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. बावीस वर्षांच्या नोकरीत मी शत्रूवर एकही गोळी झाडली नाही. गावच्या शाळेत झेंडावंदनाला मला भाषणाला बोलावतात, आणि पोरं हमखास विचारतात, "आबा, तुम्ही किती मारले?" एकही नाही, पण किती जणांना जेवू घातलं ते विचारा, असं म्हटलं की त्यांची तोंडं उतरतात. मास्तरांचंही उतरतं. सैन्य पोटावर चालतं हे म्हणायला सगळ्यांना आवडतं. त्या पोटासाठी पहाटे चारला स्टोव्हला पंप मारणाऱ्याचं नाव कुणी विचारत नाही. म्हणून आपणच सांगावं लागतं.

पोस्ट सोळा हजार फुटांवर होती. नाव सांगत नाही, सांगून तुम्हाला कळणारही नाही. फायबरच्या दोन झोपड्या, मधे दोर बांधलेली वाट, चारी बाजूंना बर्फ. पोस्ट कमांडर सुभेदार नेगी साहेब, गढवालचे. बोलायला कमी, पण चहाला कधी नाही म्हणायचे नाहीत. आणि वायरलेस आणि टेलिफोनची लाइन सांभाळायला नाईक युसूफ बागवान, शिरूरचा. त्याच्या वडिलांचं शिरूरच्या बाजारात फळांचं दुकान. राहूहून निघालं, पारगावचा पूल ओलांडला की न्हावरे, आणि पुढं शिरूर. एवढं जग फिरून मला शेजारच्या तालुक्याचा माणूस भेटला.

पहिल्याच दिवशी त्यानं मला विचारलं, "तुमच्याकडं गूळ सोडून दुसरं काय निघतं रं, बाळू?"

"धूर," मी म्हटलं. "गुऱ्हाळाचा. तुमच्याकडं काय हाय?"

"आमच्याकडं अब्बा हाय. सगळा तालुका त्यांच्याकडनं फळं नेतो, आन् वर भाव करतो."

तो वयानं माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान, हुद्द्यानंही एक पायरी खाली. तरी मला बाळूच म्हणायचा. मीही चालवून घेतलं. तिथं मराठीत हाक मारणारा दुसरा कोण होता?

दिवस ठरलेला. ०४०० ला स्टोव्ह. ०५०० पर्यंत बर्फ वितळवून पाणी आणि चहा. ०७०० ला नाश्ता. ०८०० ला युसूफ वायरलेसवर बसायचा. "हॅलो बेस, अल्फा बोल रहा हूँ. ऑल ओके. ओव्हर." पलीकडून खरखर आणि मग "रॉजर, आउट." दुपारी कुणी बर्फ उपसायचा, कुणी लाइन बघून यायचा. १७३० ला जेवण, आणि लाइन मोकळी असली की बेसमार्फत घरी दोन मिनिटं फोन.

त्या उंचीवर भूक मरते. हे खाली बसून समजत नाही. तोंडाला चव नसते, अन्न समोर आलं की मळमळतं. आणि पाणी लवकर उकळतं पण तापत नाही, त्यामुळं डाळ-राजमा कुकरशिवाय शिजत नाही. रेशनला अननसाचे डबे यायचे, भरपूर. पहिला आठवडा बहुतेकांनी मिटक्या मारल्या, मग डब्याकडं बघेनासे झाले. मी सकाळी एक मेनू लावायचो आणि संध्याकाळी अर्धा परत उचलायचो. कुकचं मन त्यानं किती खट्टू होतं ते कुकलाच ठाऊक.

दुसऱ्या महिन्यात एक जवान छातीत पाणी होऊन खाली गेला. बदली माणूस आला नाही. अकरा जणांत ड्यूट्या वाटल्या, झोप कमी झाली. त्याच आठवड्यात युसूफचं जेवण सुटलं. पहिल्या दिवशी अर्धी रोटी. दुसऱ्या दिवशी नुसता चहा. तिसऱ्या दिवशी सकाळी चहाही उलटून पडला. नर्सिंग असिस्टंटनं वजन केलं आणि रजिस्टर नेगी साहेबांपुढं धरलं.

साहेब म्हणाले, "कल ग्यारह बजे चॉपर आएगा. आज शाम को खाया तो रुकेगा. नहीं खाया तो नीचे."

"मैं ठीक हूँ, साहब," युसूफ म्हणाला.

"ठीक है तो खाके दिखा."

साहेब बाहेर गेले. युसूफनं माझ्याकडं बघितलं. "बाळू, कायतरी कर. मी गेलो तर हितं दहाच उरत्यात."

ही गोष्ट मी अंगावर घेतली, हे कबूल करतो. त्याची काळजी होतीच. पण माझ्या हातचं जेवणारा माणूस उपाशी राहून खाली गेला असं रजिस्टरमध्ये लागणार, हेही मला सहन होत नव्हतं. माणसाचा अहंकार कुठं बसेल सांगता येत नाही, माझा कढईत बसला होता.

पूर्वी ऑफिसर्स मेसला असताना मी बेक्ड बीन्स शिकलो होतो. पहिल्यांदा बघितलं तेव्हा वाटलं, साहेबांच्या टोस्टवर कुणीतरी राजमा सांडलाय. गोड, आंबट, खारट असं एकदम लागतं ते. तोंडाची चव गेलेल्या माणसाला असंच काहीतरी लागणार, असा मी हिशेब केला. घरून पार्सल आलं होतं, त्यात राहूच्या गुऱ्हाळाचा गूळ आणि अर्धी वाटी सुकं खोबरं होतं. अननसाचे डबे तर पायात येत होते.

१००० ला काम सुरू केलं आणि घाईत माती खाल्ली. भिजलेला राजमा, गूळ, टोमॅटो प्युरी, अननस रसासकट, सगळं एकदम कुकरमध्ये घातलं. तासाभरानं उघडला तर राजमा खड्यासारखा. पुन्हा लावला, पुन्हा तासभर, पुन्हा खडे. नेगी साहेबांनी एक दाणा उचलला, दाताखाली धरला आणि तसाच बाहेर काढला.

"उस्ताद, ये किस बोर का है?"

गोळीचं माप विचारत होते ते. सगळे हसले. मीही हसलो, पण कानशिलं गरम झाली होती. आमसूल डाळ शिजल्यावरच घालायचं, हे आमच्याकडं शेंबड्या पोरीलाही माहीत असतं. आंबट आणि गूळ आधी पडला की दाणा आकसून बसतो, मग वरून ब्रह्मदेव आला तरी शिजत नाही. कोर्स केलेला हवालदार मी, आणि आईनं चुलीपुढं शिकवलेलं विसरलो.

रॉकेल मोजून वापरायचं होतं. साहेबांनी स्टोव्ह एकदाच आणखी भरायला परवानगी दिली. संध्याकाळसाठी भिजवलेला राजमा होता, तो घेतला. या वेळी नुसतं पाणी आणि मीठ. शिट्ट्या मोजत बसलो. उघडला तर दाणा दोन बोटांत चुरला. मग कांद्याची फोडणी, सुंठ, लाल तिखट, मोहरीची पूड, प्युरी. त्यानंतर गूळ. मग अननसाच्या फोडी आणि भाजून कुस्करलेलं खोबरं. ओव्हन कुठला तिथं? झोपडी गरम ठेवायला बुखारी असते, तिच्यावर झाकणाचं पातेलं ठेवलं आणि वरून पत्र्याची रिकामी पेटी पालथी घातली. दीड तास.

१६३० ला पेटी उचलली. कडेनं गूळ करपून काळी कड धरली होती, खोबऱ्याचा वास सुटला होता. झोपडीतले सगळे न बोलावता गोळा झाले. मी जेवणाचा पहिला टिन भरून युसूफला दिला. त्यानं चमचा भरला, थांबला, तोंडात घातला. मग मान वर न करता सगळं संपवलं आणि रिकामा टिन पुढं केला.

"आजून."

दुसराही संपवला. नेगी साहेबांनी रजिस्टर मागवलं आणि खाली पाठवायच्या यादीतलं युसूफचं नाव खोडलं. पोस्टवरच्या सगळ्यांनी माझ्याकडं त्या संध्याकाळी असं बघितलं की माझी छाती दोन इंच फुगली. नोकरीत मला दोन मेडल मिळाली, पण त्या रिकाम्या टिनाची सर त्यांना नाही, असं मी पुढं कितीतरी दिवस मानत होतो.

दुसऱ्या दिवशी १११० ला चॉपर आला. रॉकेल आणि टपाल उतरवलं आणि सीट रिकामी घेऊन परत गेला.

त्यानंतर नवव्या दिवशी सकाळी टेलिफोनची लाइन तुटली. ०९१० ला चौघं एका दोराला बांधून ती जोडायला निघाले, युसूफ तिसरा. ०९४० ला वरून बर्फ सुटल्याचा आवाज झाला. मी दारात आलो तेव्हा समोरच्या उतारावरची वाट दिसत नव्हती. नेगी साहेब वायरलेसवर होते, बेस विचारत होता.

"पेट्रोलिंग पार्टी से कॉन्टॅक्ट है? ओव्हर."

"नेगेटिव्ह, बेस. सर्च शुरू कर रहे हैं. आउट."

फावडी, ताटं, हात, जे मिळालं त्यानं आम्ही खणलं. दोराचं टोक सापडलं आणि तिघं जिवंत निघाले. नाईक युसूफ बागवान १३४० ला सापडला. त्या दिवशी मी चहा केला, कारण तिघांना गरम द्यायचं होतं.

पुढं नोकरीत मी तो राजमा पुन्हा केला नाही. कुणी विचारलं तर रेसिपी विसरलो म्हणायचो. रिकामी सीट घेऊन उडालेला चॉपर मला दिसायचा. मी फोडणी घातली नसती तर तो त्या सीटवर असता. हे मी बायकोलाही सांगितलं नाही.

रिटायर झाल्यावर दरवर्षी त्याच्या बरसीला शिरूरला जातो. त्याचे वडील, त्यांना मी चाचा म्हणतो, आता दुकानात नुसते बसतात, काम पुतणे बघतात. मागच्या वर्षी मी पोचलो तर चाचांनी आधीच राजमा भिजत घातला होता आणि दोन पिकलेले अननस बाजूला काढून ठेवले होते.

"हवालदार, ते वर बनवलं व्हतं ते आज हितं बनवा," ते म्हणाले. "युसूफ फोनवर बोलला व्हता. मला खायचंय."

मला नाही म्हणता येईना. राजमा आधी मऊ शिजवला. गूळ मी राहूहून त्यांच्यासाठी नेलाच होता. ताजा अननस डब्यातल्यापेक्षा आंबट, म्हणून गूळ मुठीनं जास्त, आणि ओलं खोबरं. पातेलं गल्लीतल्या बेकरीत नेलं. सकाळचे पाव निघाल्यावर भट्टी मंद असते, त्यात दोन तास ठेवलं. वर सुंदर तकाकी आली. आम्ही दोघं दुकानाच्या मागं सतरंजीवर जेवायला बसलो. चाचांनी पहिला घास घेतला आणि मान डोलावली, आणि मला राहवलं नाही. मी सगळं बोललो. तीन दिवसांचा उपास, चॉपर, यादी, खोडलेलं नाव. "त्यानं ते खाल्लं नसतं तर तो खाली आला असता, चाचा. मी खाऊ घातलं म्हणून तो राहिला."

चाचांनी घास संपवला. पाणी प्यायले.

"हवालदार, माझ्या पोरानं जलमात अननस खाल्लं न्हाई," ते म्हणाले. "ल्हान व्हता तवा दुकानातनं चोरून अर्धं खाल्लं, जीभ सोलून निघाली. तवापास्नं वाससुदीक सोसायचा न्हाई त्याला. आन् त्या दिशी फोन आला, म्हणला, अब्बा, आज मी दोन डबे अननस खाल्लं. मला हसू आलं. म्हटलं, का रं बाबा? तर म्हणला, हितं एक माणूस कमी हाय, मला ऱ्हायचंय."

मी हातातला घास ताटात ठेवला.

"तुमी खाऊ घातलं म्हणून ऱ्हायला न्हाई तो. ऱ्हायचं व्हतं म्हणून खाल्लं त्यानं." मग त्यांनी माझ्या ताटात आणखी एक डाव वाढला. "पर बनवता झ्याक."

परत येताना पारगावच्या पुलावर मी गाडी थांबवली आणि हसलो, मग रडलो, मग परत हसलो. ज्या दोन टिनांवर मी इतकी वर्षं मनात ऐटीत होतो, ते बेट्यानं नाक दाबून, औषधासारखे गिळले होते. माझ्या स्वयंपाकाचं सगळ्यांत मोठं कौतुक एका दुपारी गेलं, आणि छातीवरचा धोंडाही त्याच दुपारी गेला. सौदा मला मान्य आहे.

आता राजमा घरी होतो, सणावाराला होतो, भांडगावच्या पाहुण्यांनाही आवडतो. यंदाच्या बरसीला मीच मोठं पातेलं भरून शिरूरला नेलं. गल्ली जेवली. जेवणाआधी चाचांनी फातिहा दिली आणि युसूफच्या नावाचं ताट वाढायला माझ्याकडं दिलं. मी राजमा वाढला, आणि चमच्यानं अननसाच्या फोडी एकेक करून बाहेर काढल्या.