पार्वताबाईंचं शेवटचं चित्र

मैत्रिणींनो, आत्ताच अर्जुनी मोरगावजवळच्या एका खेड्यातून परतले. पार्वताबाईंच्या भित्तिचित्रांचा मी पंधरा वर्षं अभ्यास करते आहे. उन्हाळ्यात त्या गेल्या. तळ्यात मासे धरणाऱ्या बायकांचं त्यांचं शेवटचं चित्र ओसरीत होतं. त्याचा फोटो काढायला जाणं मी चार महिने लांबवलं. परवा त्यांच्या सुनेला फोन करून आज येते म्हणून कळवलं.

पोचले तर ओसरी पांढरीशुभ्र.

“चित्र कुठं आहे?”

“तुमी येऊन राहिल्या म्हनून कालच चुना मारला, मॅडम. पाहुण्याले मळकी भिंत दाखवाची का?” सून म्हणाली.

पाहुणा यायचा असला की तिकडे भिंतींना चुना देतात, हे मीच लेखात लिहिलं आहे. तरी फोनवर चित्राबद्दल एक शब्द बोलले नाही.

तुमच्या गावात कुणी बाई भिंतीवर चित्रं काढत असेल, तर उद्याच जा. आधी कळवू नका.