दहाव्याच्या घाटावर विलायतेचा पाहुणा

बायकोच्या दहाव्याला कावळा पिंडाला शिवत नव्हता, आणि पोराचं सगळं लक्ष गोऱ्या पाहुण्याकडं.

पाहुणा विलायतेचा. त्याचा पणजोबा इंग्रजांच्या वेळी या रेल्वे लाईनवर इंजिनिअर होता म्हणे. ते सगळं हिंडून पाहून तो पुस्तक लिहिणार. पोरगा भिलाईच्या कारखान्यात आहे. त्याच्या साहेबानं सांगितलं, आमच्या पाहुण्याला पूल दाखवून आण. शिवनाथ नदीवरचा तो रेल्वेचा पूल घाटावरून दिसतो. पोराला नाही म्हणता आलं नाही. घेऊन आला आईच्या दहाव्याला.

भटजीनं स्वतःची सतरंजी त्याला दिली. डोकं भादरलेला, ओल्या धोतरातला माझा पोरगा त्याच्यासाठी खुर्ची शोधत फिरत होता.

कावळा बाभळीवरून उतरला की पाहुणा कॅमेरा घेऊन पुढं सरके. कावळा परत वर. दोनदा झालं. सगळ्यांनी पाहिलं, कोणी बोललं नाही.

भटजी म्हणाला, "दर्भाचा कावळा करून शिववून टाकू. पाहुण्यालेही उशीर होऊन राहिला."

"कावून? तिले घाई नाही," मी म्हणालो. मग पोराला म्हटलं, "त्याले मागं घे."

पोरगा हळूच म्हणाला, "बाबा, साहेबाचा पाहुणा आहे. उद्या मले ड्यूटीवर तोंड दाखवायचं आहे."

"अन् आईले कोणतं दाखवशील?"

माझा बाप याच लाईनवर गँगमन होता. गोऱ्या साहेबाची ट्रॉली ढकलत रुळावरून अनवाणी धावायचा. नाही धावला तर चूल बंद. बापाचं मी समजू शकतो. पोराचं हे मला समजेना.

मीच उठलो. पाहुण्यासमोर उभा राहिलो, पिंड दाखवला, झाड दाखवलं, हातानं सांगितलं, जा. त्याचं तोंड लाल झालं. हात जोडले, कॅमेरा बंद केला आणि पायऱ्या चढून गाडीत जाऊन बसला. माणूस वाईट नव्हता. त्याला आमच्यातल्या कोणी काही सांगितलंच नव्हतं.

आम्ही थांबलो. ऊन चढलं. वर ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला तसा पोरगा अर्धा उठला. मी त्याच्याकडं नुसतं पाहिलं. तो बसला, हात जोडले, ओठातल्या ओठात आईशी काही बोलला.

बऱ्याच वेळानं कावळा आला. भाताला चोच लावली, वडा उचलून नेला.

पोरानं डोळे पुसले. मग धोतर सावरत बाजूला गेला आणि साहेबाला फोन लावला, माफी मागायला. मी पिंडाजवळच बसून राहिलो.