तो नारू नव्हता

"नारूच हाय हा. तू फक्त हो म्हण," दिलीप म्हणाला आणि त्याने पाण्याची बाटली माझ्या टेबलावर ठेवली.

मी कारंज्याच्या एका कॉलेजात झूऑलॉजी शिकवतो. दिलीप माझा सख्खा चुलतभाऊ. किन्हीराजाच्या बाजूला आमचं गाव आहे, तिथे तो शेती करतो आणि शाळेच्या व्यवस्थापन समितीचा अध्यक्ष आहे. गावाचं नाव सांगत नाही. सांगायची लाज वाटते.

बाटलीत वीतभर लांब, काळपट तपकिरी, तारेसारखा किडा होता. स्वतःचीच गाठ मारून बसलेला. शाळेच्या पिण्याच्या पाण्याच्या रांजणात तो सापडला होता.

"रांजण कोन भरते? सुनंदा," दिलीप सांगत होता. "बौद्धपुऱ्यातली, पोट्ट्यांचा सैपाक करते ती. सगळ्या पोट्ट्यांच्या माया म्हनून राह्यल्या, आमाले तिच्या हातचं नको. तू शाळेत येऊन सांग, नारू हाय म्हनून. मंग बाई बदलता येते."

मी त्याच्या बोलण्याकडे फारसं लक्ष दिलं नाही. किड्याकडे दिलं.

आमच्या विषयात कुठलाही कृमी हातात आला की पहिला प्रश्न एकच, अंगावर वळी, म्हणजे अंगठ्यांसारखी कडी, आहेत का? गांडुळाच्या अंगावर असतात, जळवेच्या असतात. ते एका बाजूला. वळी नसलेले दुसऱ्या बाजूला, आणि त्यांची गर्दी मोठी. त्यात चपटे आहेत. पट्टकृमी त्यातलाच. त्याचे तुकडे तुकडे दिसतात, पण ती खरी वळी नव्हेत, मुलं परीक्षेत हमखास तिथे फसतात. मग गोलकृमी येतात. पोटातले जंत आणि नारू त्यात. आणि एक लहानसा गट असतो घोड्याच्या शेपटीच्या केसासारख्या कृमींचा, इंग्रजीत हॉर्सहेअर वर्म.

मी किडा ट्रेमध्ये घेतला, भिंगाखाली धरला. अंग गुळगुळीत, वळी नाहीत. शेपटीला दोन फाटे, म्हणजे नर. नारू दुधासारखा पांढरा, मऊ दोऱ्यासारखा असतो आणि तो माणसाच्या पायातून निघतो. पाण्यात असतात ती त्याची पिल्लं, पाण्यातल्या बारीक पिसवांच्या पोटात, साध्या डोळ्यांना न दिसणारी. शिवाय आपल्या देशातून नारू केव्हाच गेला.

"हा हॉर्सहेअर वर्म आहे," मी म्हणालो. "रातकिड्याच्या पोटात वाढतो. मोठा झाला की रातकिडा पाण्यात उडी घेतो आणि हा बाहेर येतो. माणसाला काही करत नाही. रांजणावर झाकण नसेल, दुसरं काय."

माझ्या लेखी ही चांगली बातमी होती. दिलीपचा चेहरा उतरला.

"नारू म्हनाले तुह्यं काय जाते?"

"अरे, पण नाही ना तो नारू."

"वाशीमले काय दुसरे सर नव्हते? तुह्याकडं काहून आलो मी? घरचा मानूस म्हनून आलो."

तेव्हा कुठे मला कळलं, दिलीप किडा ओळखून घ्यायला आलाच नव्हता.

शनिवारी मी स्वतःहून शाळेत गेलो. हेडसरांनी पालकांना बोलावलं होतं. व्हरांड्यात बाया बसल्या होत्या, दिलीप खुर्चीत. सुनंदाबाई स्वयंपाकाच्या खोलीच्या दारात उभ्या होत्या. मी पांढऱ्या ट्रेमध्ये किडा दाखवला, सगळं पुन्हा सांगितलं. मुलांना रातकिड्याची गोष्ट फार आवडली. बायांनी ट्रेकडे वाकूनही पाहिलं नाही. मग एकीने विचारलं, "मंग झाकन नव्हतं, ते कोनाची चूक?"

सुनंदाबाई पुढे आल्या. "झाकन फुटलं तवाच म्या हेडसरले सांगतलं. सांगतलं का नाही, सर?"

हेडसर जमिनीकडे पाहत म्हणाले, "सांगितलं होतं."

"आयकलं ना सगळ्याईनं? रांजन म्या आज सकाळी घासला, नवं पानी भरलं. आता प्या."

त्यांनी ग्लास भरून पहिला माझ्यापुढे धरला. मी तो घेतला आणि तोंडाला लावण्याआधी उजेडाकडे करून आत पाहिलं. माझी ती सवय आहे. लॅबमध्ये इतकी वर्षं काचेत पाहतोय, हातात काच आली की नजर आत जाते. पण वर पाहिलं तर सुनंदाबाई माझ्याकडे बघत होत्या, आणि त्यांच्या चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं. आमच्या घरच्या माणसाकडून जे अपेक्षित होतं, तेच त्यांना दिसलं होतं.

मी ग्लास रिकामा केला. दुसरा मागून घेतला. तोही प्यायलो. त्याने काही भरून निघालं नाही.

हेडसर प्यायले. झाकणाचं विचारणारी बाई उठली, तिनेही घेतलं. बाकीच्यांना तहान नव्हती. दिलीप फोन कानाला लावून फाटकाबाहेर गेला. फोन वाजला नव्हता.

निघताना मी सुनंदाबाईंना म्हणालो, "मी पाणी पाहिलं ते..."

"राहू द्या सर," त्या म्हणाल्या. "तुमी खरं बोलले तेवढं पुरे हाय." आणि ग्लास विसळायला घेतले.

त्यांचं काम टिकलं. रांजणाला स्टीलचं झाकण आलं. हेडसर आता मुलांच्या पंगतीत बसून जेवतात. तरी बरीच मुलं घरून डबा आणतात, त्यात दिलीपचा नातू आहे. यंदा पोळ्याला मला गावाहून बोलावणं आलं नाही.

त्याचं दुःख नाही. मला एकच गोष्ट खात राहते. दिलीप माझ्याबरोबर लहानाचा मोठा झाला. मी हो म्हणेन याची त्याला इतकी खात्री होती, की त्याने विचारलंसुद्धा नाही, सरळ सांगितलं. ती खात्री त्याला कशावरून आली, हे शोधायला मला फार मागे जावं लागणार नाही. त्या दिवशीही बाई बदलायचं त्याचं बोलणं मी ऐकून सोडून दिलं होतं.

आता कोणी नमुना तपासायला आणला की मी भिंग नंतर काढतो. आधी विचारतो, हा सापडल्यामुळे कोणाला कामावरून काढायचं ठरलंय?