जमुना नर्सचा दावा

कांप दे मास्क गावच्या लक्ष्मणची मुलगी जमुना १९७९ साली नर्स झाली. लक्ष्मणने जन्मभर ऊस तोडला, पण पोरीचं काम त्याला आपल्याहून जड वाटे. ऊस तोडून टाकला की पडून राहतो. आजारी माणसाला उचलायचं, कुशीवर वळवायचं, पाठ पुसायची, आणि तेही त्याला न दुखवता. जमुना ते करी आणि घरी येऊन दमल्याचं सांगत नसे.

शिक्षण सरकारी खर्चाने झालं होतं. त्याबदली पाच वर्षं सरकार धाडील तिथे नोकरी करायची, असा करार होता. जमुनाने वाचून सही केली होती. तिला वाटलं होतं, फार तर नुव्हेल फ्रांस गावापर्यंत पाठवतील. हुकूम आला रॉड्रिग्सचा. ते बेट भर समुद्रात, महिन्यातून एकदा जहाज जाई. आणि हे जहाज सुटणार होतं अक्षय्यतृतीयेच्या दोन दिवस आधी. अक्षय्यतृतीयेला तिचं लालमती गावच्या यशपालशी लग्न होतं.

होणारी सासू गंगाबाई तावातावाने आली.

"हळदीची पोर बातोवर, त्या जहाजावर चढणार? आणि माझा मुलगा काय बंदरावर उभा राहून रुमाल हलवणार? ठरल्या दिवशी लग्न झालं नाही तर होणारच नाही, सांगून ठेवते."

जमुनाने एक महिन्याची सवलत मागितली. आरोग्यखात्याचा साहेब म्हणाला, हुकूम तो हुकूम. तेव्हा लक्ष्मण तिला घेऊन पोर्ट लुईला देवानंद वकिलाकडे गेला.

"मला जायचंय, साहेब," जमुना म्हणाली. "फक्त लग्न करून."

"कोर्टात असं अर्धं भांडण चालत नाही. करारच चुकीचा आहे म्हणावं लागेल."

"पण तो चुकीचा नाही."

"तू रोगी बघ. दावा मी बघतो."

तारीख लागली जहाजाच्या आदल्या दिवशीची. लक्ष्मणने देवळात जाऊन पंचांग पाहिलं. पोरीला न सांगता त्याने धुतलेला सदरा चढवला आणि पुन्हा पोर्ट लुई गाठलं.

"साहेब, तारीख बदला. अमावास्या आहे."

"कोर्टाला अमावास्या नसते, लक्ष्मणभाऊ."

"आमच्या घराला असते. त्या दिवशी आम्ही नवा कोयतासुद्धा हातात धरत नाही, आणि तुम्ही माझ्या पोरीचं नशीब घेऊन उभे राहणार?"

देवानंद पोट धरून हसला. मग भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघता बघता त्याचं हसू थांबलं. त्याने अर्ज केला, घरच्या मंडळींची धार्मिक अडचण आहे. सरकारी वकिलाची तयारी झालीच नव्हती, त्याने आनंदाने मान डोलावली. सुनावणी पुढच्या महिन्यावर गेली, आणि तोवर मुलीला धाडू नये असं कोर्टाने सांगितलं.

घरी जमुना बापावर उखडली.

"बाबा, तुम्ही कोर्टाला पंचांग दाखवलंत?"

"दाखवलं नाही. तोंडी सांगितलं."

"सगळं हॉस्पिटल हसेल मला."

गंगाबाईबरोबर आलेला यशपाल दारात सायकल धरून उभा होता. तो गवंडी. पुढची वीट कुठे बसते ते आधी बघायची त्याला सवय.

"म्हणजे जहाज हिला न घेता जाणार?" त्याने विचारलं.

"हो," लक्ष्मण म्हणाला.

"मग तृतीयेला ही इथेच."

गंगाबाईने पदर खोचला. "बघत काय बसलात? मांडव घाला."

लग्न झालं. पुढच्या महिन्यात सुनावणीही झाली. न्यायाधीश म्हणाले, करार स्पष्ट आहे, सही राजीखुशीने केलेली आहे, मुलीने जावं. देवानंद मान खाली घालून बाहेर आला.

"हरलो, लक्ष्मणभाऊ."

"होय की. बरं झालं."

गंगाबाईने डबा उघडून पुरणपोळी त्याच्या हातावर ठेवली. "खा. लग्नाला आला नाहीत तुम्ही."

"हरलेल्या माणसाने आजवर मला पाणी विचारलं नाही," देवानंद म्हणाला आणि पायरीवरच बसून खाऊ लागला. दुसरी पोळी त्याने मागून घेतली. मग यशपालला विचारलं, "आणि तुमचं काय?"

"मीही चाललो. तिकडेही माणसं राहतात, म्हणजे भिंती लागतच असतील."

"पाच वर्षं आहेत."

"तेवढ्यात आमचंही घर होईल. घाई केली तर लवकर होईल, पण गळेल."

पुढच्या जहाजाने दोघं निघाली. किनारा दिसेनासा झाला तसा समुद्र खवळला आणि अर्धी माणसं आडवी झाली. जमुनाने हिरव्या बांगड्या कोपराकडे सारल्या, खलाशाकडून बादल्या मागून घेतल्या आणि एकेकाचं डोकं धरू लागली. पहिला रोगी यशपालच.

"अजून कामावर लागली नाहीस तू," तो कण्हत म्हणाला.

"तुम्ही मान खाली ठेवा," जमुना म्हणाली, आणि त्याचं तोंड पुसून पुढच्या माणसाकडे वळली.