चतुर्थीचा प्रत्यय

मराठीत एम.ए., वर बी.एड., आणि वय तेहतीस. शिक्षक भरतीची वाट पाहता पाहता माझ्या बरोबरीच्या पोरींची मुलं शाळेत जाऊ लागली. वाशिमच्या एका स्पर्धा परीक्षा क्लासच्या संचालकांना मी तीनदा भेटले. तिसऱ्यांदा ते म्हणाले, "मॅडम, शिकवता तुम्ही चांगलं, पण तुम्हाला ओळखतं कोण? आधी नाव करा. व्हिडिओ टाका." तिथे नोकरी मिळाली नाही तर पुढे काय, याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. म्हणून मी नाव करायला निघाले.

अनसिंगच्या आमच्या घरी मधल्या खोलीत भिंतीला निळी चादर ठोकली, फोन डाळीच्या डब्याला टेकवला. आवाज येतो म्हणून पंखा बंद, आणि डोक्यावर तापलेली टिनं. घामानं निथळत मी समास सोडवायचे, प्रयोग ओळखायला शिकवायचे. कित्येक महिन्यांत चॅनलवर जेमतेम दोनशे माणसं जमली, त्यात निम्मे नातेवाईक. घरात मी वऱ्हाडीच बोलते. चादरीसमोर बसलं की मात्र जीभ इस्त्री केल्यासारखी व्हायची. याचा मला गर्व होता, खोटं कशाला बोलू.

त्या दिवशी विभक्ती घेतली होती. "चतुर्थीचे एकवचनी प्रत्यय स, ला, ते," इथवर आले आणि स्वयंपाकघरातून आईने विचारलं, "चाय ठेवू काय वं?"

"ठेव, मले अर्धाच कप दे," मी म्हणाले, आणि त्याच दमात फोनकडे पाहून उदाहरण दिलं, "ताईने मले पुस्तक दिले."

व्हिडिओ टाकण्यापूर्वी चहाचं बोलणं मी कापलं. उदाहरण तसंच राहिलं. ते मी दोनदा ऐकलं होतं, पण जन्मापासून ऐकलेला शब्द कानाला खटकणार कसा?

कुणीतरी तेवढाच तुकडा कापून फिरवला. 'ला शिकवते आणि ले म्हणते.' दोन दिवसांत मी 'मले मॅडम' झाले. हिला आधी शाळेत घाला, असं लोकांनी लिहिलं. सगळ्यात जोरात हसले ते आमच्याच जिल्ह्यातले, घरी तोंड भरून मले म्हणणारे. त्यांचा मला अजून राग येतो.

मग संचालकांचा फोन आला. "मॅडम, तुम्ही तर गाजलात."

माझ्या जिवात जीव आला. "शिकवायला कधी येऊ सर?"

"शिकवायला नाही हो, जाहिरातीसाठी. दर रीलमध्ये एकदा मले म्हणायचं, बस. व्याकरणाला आपल्याकडे पुण्याचे सर आहेत."

फोन आपटायला हवा होता. मला स्वतःची किळस आली, आणि तरीही मी विचारलं, कोणत्या दिवशी येऊ.

फोन ठेवला तर आई दारात उभी. शेजारणीने तिला सगळं दाखवलं होतं. "लोकं तुले हासून राह्यले, ते माह्यामुळं काय? मी चाय इचारला म्हनून?"

"हो, तुह्यामुळंच. कायले मधात बोलली?" मी ओरडले. ती आत गेली. नंतरचे दोन दिवस ती बराच वेळ शेजारी जाऊन बसायची. माझ्यावर रुसली असेल, असं मी धरून चालले.

तिसऱ्या दिवशी वाशिमला जाऊन चार रील करून आले आणि भिंतीकडे तोंड करून पडले. आई जवळ बसली. कपाळावर हात ठेवून हळूच म्हणाली, "तुला बरं नाही का?" 'ला'वर तिने जरा जास्तच जोर दिला, चुकू नये म्हणून.

शेजारणीच्या फोनवर ती माझेच व्हिडिओ लावून बसत होती, हे मला नंतर कळलं. इतक्या महिन्यांत माझ्याकडून कुणी काही शिकलं असेल, तर ती.