लक्ष्मीपूजनाच्या दिवशी भरलेलं भाडं

मध्यभारताला दोन राजधान्या होत्या आणि त्याचा सगळा ताप आमच्या आईला होता. सरकार उन्हाळ्यात इंदूरला, हिवाळ्यात ग्वाल्हेरला. साहेब निघाले की फायली निघायच्या, फायलींमागे कारकून, आणि त्या कारकुनांत आमचे वडील. त्यांची वळकटी बांधताना आई दरवर्षी विचारायची, "हे राज्य चालवतात की तमाशाचा फड?" वडील हसून टांग्यात बसायचे. पुढचे सहा महिने घर आईचं.

त्या वर्षी फायली ग्वाल्हेरला वेळेवर पोचल्या, पण पगाराचे कागद वाटेत कुठे अडकले ते ब्रह्मदेवालाही ठाऊक नव्हतं. इंदूरला मल्हारगंजातल्या आमच्या वरच्या दोन खोल्यांचं आधीच मागे पडलेलं भाडं थकतच गेलं. खाली घरमालक सेठजी राहायचे, पुढच्या बाजूला त्यांचं कापडाचं दुकान. ते वाईट नव्हते, असं मी आज म्हणते. तेव्हा मी दहा वर्षांची होते आणि मला ते राक्षस वाटायचे.

सेठजींना आमच्या खोल्या हव्या होत्या. मुलाचं नुकतंच लग्न झालं होतं आणि नवी सून दुकानामागच्या कोठीत, कापडाच्या गठ्ठ्यांत पडदा टांगून संसार करत होती. नव्या कायद्यामुळे भाडेकरूला उगीच हलवता येत नव्हतं. थकलेलं भाडं हे मात्र कायद्याला पटणारं कारण होतं. त्यामुळे आमची अडचण सेठजींना चांगलीच मानवली. वकिलाची नोटीस आली: महिन्याच्या आत सगळी बाकी भरा, नाहीतर कोर्टात या. मुदत संपत होती नेमकी दिवाळीच्या पाडव्याला.

धनत्रयोदशीला वडिलांच्या कचेरीतले एक गृहस्थ सुट्टीवर आले आणि पैशांचं पाकीट देऊन गेले. आईने हाताचं पीठसुद्धा न धुता पदर खोचला आणि ती मला घेऊन खाली गेली.

"सेठजी दुकान पे हैं," सेठाणी म्हणाली.

दुकानावर गेलो तर मुनीम म्हणाला, "अभी-अभी घर गए."

पुन्हा घरी, पुन्हा दुकानात. सेठजींचं पोट चांगलं सुटलेलं होतं, तरी त्या दिवशी ते मांजराच्या पावलांनी फिरत होते. आईने मुनिमापुढे पैसे ठेवले तर त्याने हात मागे घेतले. "मेरे को मना है, बाईसाब."

आई गल्लीतल्या वकीलकाकांकडे गेली. ते अंगणात कंदील टांगत होते. "वहिनी, पोस्ट बंद, कचेऱ्या बंद. मनीऑर्डरही करता येणार नाही. पाडव्याच्या आत त्याच्या हातात पैसे पडले आणि पावती मिळाली, तर केसमध्ये दम नाही. नाहीतर सामान बांधायला घ्या." एवढं सांगून ते पुन्हा शिडीवर चढले. वकील लोक वाईट बातमी अशी सांगतात, जशी काही ती शेजारच्या गावातली असावी.

घरी येऊन आई ओट्याला टेकून उभी राहिली. मला पहिल्यांदा भीती वाटली. आमची शाळा, आमचा नळ, माझी खिडकी, सगळं जाणार होतं. ती खिडकी थेट गल्लीवर उघडायची आणि तिच्या रुंद कठड्यावर माझी पुस्तकं असायची. तिथे कुणी हात लावलेला मला खपत नसे.

लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी आईने चकल्या, लाडू आणि करंज्यांचं ताट भरलं. ताटात मधोमध हळदकुंकू लावलेल्या रुमालात पैसे ठेवले.

"अगं, आज पैसा घराबाहेर काढतात का?" मी घाबरून विचारलं. आमच्याकडे त्या संध्याकाळी शेजारणीला वाटीभर साखरसुद्धा देत नसत.

"घरच राहिलं नाही तर लक्ष्मी बसेल कुठे?" आई म्हणाली आणि जिना उतरू लागली.

खाली पूजा मांडली होती. सेठजी नवं उपरणं घेऊन पाटावर बसलेले. आम्हाला पाहताच त्यांनी मान फिरवली. सेठाणीही जागची हलली नाही. दाराशी आली ती सून. घूंघट घेतलेली, वयाने माझ्या मावशीएवढीही नसेल. तिने ताटाकडे पाहिलं, रुमालाकडे पाहिलं. त्यात काय आहे ते तिला कळलं होतं. अख्ख्या घराला माहीत होतं.

"बहू, रहने दे," सेठजी आतून म्हणाले.

"बाबूजी, आज के दिन लक्ष्मी को द्वार से कैसे लौटाएँ?" ती हळूच म्हणाली. दोन्ही हातांनी ताट घेतलं आणि थेट देवीपुढे नेऊन ठेवलं.

आता बोला! देवीपुढचा पैसा उचलून परत करायची कुठल्या व्यापाऱ्याची हिंमत आहे? सेठजी कपाळाला हात लावून बसले. मग म्हणाले, "बाईसाब, आपने तो मेरी वकील की फीस डुबो दी."

"पावती, सेठजी," आई म्हणाली. प्रसादाचा पेढा हातात धरून ती पावती मिळेपर्यंत तशीच उभी होती. वर आल्यावर आम्ही दोघी एवढ्या हसलो की शेवटी आईला रडू आलं.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी दुपारी सून ताट परत द्यायला वर आली. रिकामं द्यायचं नसतं म्हणून त्यात गुजिया, म्हणजे त्यांच्याकडच्या करंज्या होत्या. घूंघट मागे सारून ती खोलीभर बघत राहिली आणि खिडकीशी थांबली. गल्लीतून वारा येत होता. कोठीला खिडकीच नव्हती, हे मला तेव्हा आठवलं.

"काकीजी, मैंने सोच रखा था, सिलाई की मशीन यहीं रखूँगी," ती म्हणाली. तक्रारीचा सूर नव्हता. सहज सांगितल्यासारखं सांगितलं.

कठड्यावरची माझी पुस्तकं उचलून आईने माझ्या हातात दिली आणि ती सुनेला म्हणाली, "कल से दोपहर को मशीन ले के आ जाना, बेटा."

मी पुस्तकं फडताळात नेऊन ठेवली.